तांब्याच्या तारेचा चष्मा

मी, जयवंत विश्वनाथ देवस्थळी, वय ४७, राहणार टोकरखाडा, सिल्वासा, पूर्वी परदेशी वार्ताहर, आता पत्रकारितेचा शिक्षक, येत्या सोमवारी मुंबईत हृदयाच्या शस्त्रक्रियेसाठी दाखल होत आहे. बुद्धी शाबूत आहे, असे डॉक्टर म्हणतात. कोणाचा दबाव नाही. पुढील व्यवस्था माझ्या मर्जीने, माझ्याच हाताने लिहीत आहे.

१. दोन खोल्यांचे घर माझी बहीण शैलजा हिला. मागची खोली मात्र सरुबाई हयात असेपर्यंत त्यांची. पाच वर्षे त्या माझा स्वयंपाक करतात. हे सांगितले तेव्हा म्हणाल्या, जित्या माणसानं असा कागद लिहू नही, आणि भाजी करपवली. शैलजाने त्यांच्या चुलीच्या धुराबद्दल तक्रार करू नये.

२. टाइपरायटर सरुबाईंची मुलगी जया हिला. ती दिवसा मसाटच्या सुताच्या कारखान्यात असते, संध्याकाळी माझ्या वर्गात.

३. १९८८च्या वार्तापत्राबद्दल मिळालेली ढाल माझ्या तेव्हाच्या संपादकांना परत पाठवावी. त्यांनी तार केली होती, "चष्मा अप्रतिम." तीही सोबत जोडावी.

४. डायऱ्या जाळाव्यात, १९८८ची सोडून. ती जयाने वाचावी. कारण लिहितो.

श्रीलंकेच्या उत्तरेत एका गावच्या कंपाउंडरांनी मला गावातून कोणाला कोणी उचलून नेले ते सांगितले. म्हणाले, "नाव लिहू नका. बाकी तुमच्यावर सोडतो." नाव मी लिहिले नाही, या कागदावरही लिहीत नाही. पण त्यांच्या चष्म्याची काडी तांब्याच्या तारेने बांधलेली होती, ती लिहिली. तिच्यामुळे परिच्छेद उभा राहत होता. मजकूर तिकडच्या एका वृत्तपत्रात भाषांतर होऊन आला. सहाव्या दिवशी बंदूकवाल्यांनी त्यांना घरातून नेले. ते परत आले नाहीत. अजूनही वर्गात कोणी चष्मा पुसू लागले की मी फळ्याकडे वळतो.

यंदा जयाने बोटे गमावलेल्या एका कामगारावर लेख आणला. त्याच्या हातावर गोंदलेला मोर मी खोडला. ती म्हणाली, "सर, नाव तर दिलंच नाही ना." मग तिने विचारले, माझ्याकडून असे कधी झाले आहे का. मी "नाही" म्हणालो.

५. कंपाउंडरांच्या पत्नी आता कोलंबोत मुलीकडे असतात. १९९०मध्ये त्यांचे पत्र आले. आपल्या धाकट्या भावानेच घात केला, असे त्या मानतात. मुलीच्या लग्नालाही त्याला बोलावले नाही. मला काही ठाऊक आहे का, असे त्यांनी विचारले होते. सहा वर्षे मी उत्तर दिले नाही. आता त्या चष्म्याबद्दल सगळे लिहिले आहे. लिफाफा टेबलाच्या खणात आहे. माझ्या मृत्यूनंतर शैलजाने तो पाठवावा.

दुरुस्ती, त्याच दिवशी: साक्षीदार चिंधाभाऊंनी ऐकल्याशिवाय सही करायला नकार दिला. राखोलीच्या कारखान्यात एकदा न वाचता सही केली, तर तो त्यांचाच राजीनामा निघाला होता. दुसरे साक्षीदार प्रसाद गुरुजी वाचत कलम पाचपर्यंत आले, तेव्हा चिंधाभाऊंनी त्यांना थांबवले.

"सर, तुम्ही चांगले होऊन आले, तर त्या भावाचं काय?"

गुरुजी म्हणाले, मृत्युपत्रात असं विचारायचं नसतं.

"मग कुठं विचारू?"

मेल्यावर खरे सांगायचे, म्हणजे कंपाउंडरांच्या पत्नीच्या पुढच्या प्रश्नाला उत्तर द्यायला मी नसणार. हा हिशेब मी मनात केला होता, हे कबूल करतो.

कलम पाच रद्द. खोडलेले वाचता येईल असेच ठेवले आहे. शेजारी तिघांच्या सह्या आहेत. लिफाफा दुपारी रजिस्टर पोस्टाने पाठवला. मागे माझे नाव आणि हाच पत्ता लिहिला आहे.

६. उत्तर आले आणि मी नसलो, तर ते जयाने उघडावे. तो भाऊ स्वतः आला, तर त्याला दारात उभे करू नये. सरुबाईंनी त्याला जेवायला वाढावे. मग त्याला जे बोलायचे असेल ते शैलजाने माझ्या जागी बसून, मध्ये न बोलता, पूर्ण ऐकावे.

वरील सर्व दुरुस्तीसह वाचले, मान्य आहे.

जयवंत विश्वनाथ देवस्थळी (सही)

आमच्यासमोर, एकमेकांच्या उपस्थितीत सही झाली. आम्हांला यातून काही मिळणार नाही:
१. चिंधा सुकदेव अहिरे, कामगार (सही, ऐकून)
२. प्रसाद शांताराम मयेकर, शिक्षक (सही)

सिल्वासा, १४ नोव्हेंबर १९९६