आत्याच्या फोटोला हार

हाटकेश, मीरा रोड
११ जून २००६

ती. आनंदीआत्यास मिनलचा वाकून नमस्कार.

गुडघा सोडून बाकी तू ठणठणीत आहेस हे तुझ्या पत्रात वाचून जीव भांड्यात पडला. (शेजारचे महिपतकाका मालिकेत तुझ्या फोटोला हार बघून डोळे पुसत आले, त्यांना तू स्वतः चहा करून दिलास म्हणे. तेव्हा तरी त्यांची खात्री पटली ना?) तुझी माफी तर हवीच आहे, त्याहून मोठं मागणं शेवटी लिहिते. आधी रागावून घे.

चूक माझीच. सेटवर दिवंगत सासूबाईंचा फोटो हवा होता, तो आलाच नाही. सामान लावणारा बबन सारखा मागे, "मॅडम, लाईट रेडी हाय, भिंत मोकळी दिसतेय." घर दोन गल्ल्या पलीकडे, म्हणून धावत जाऊन तुझा नऊवारीतला फोटो आणला. एका दिवसापुरताच. पण मालिकेत भिंतीवर चढलेलं माणूस सहसा खाली उतरत नाही, मागचा-पुढचा सीन जुळावा लागतो. तेव्हा तू चार महिने चंदनाच्या हारात आहेस.

आत्या, मी आज क्रिएटिव्ह डायरेक्टर (म्हणजे कोणी कधी रडायचं ते ठरवणारी) झाले ती तुझ्यामुळे. अप्पा नाटकात जाऊ देईनात, तेव्हा तू त्यांच्याशी आठ दिवस अबोला धरलास. गणपतीतल्या नाटकांत विंगेत उभी राहून माझे सगळे संवाद पुटपुटलीस. (तुला स्वतःला कोणी स्टेजवर चढू दिलं नव्हतं, हे मला फार उशिरा कळलं.) मुंबईत सहा वर्षं मी दर मालिकेत तिसरी सून, हातात चहाचा ट्रे. एकदा शॉटमध्ये नायिकेने आधी कुंकू लावलं आणि माझ्या तोंडून तूच ओरडलीस, "अगो, आधी हळद!" दिग्दर्शक भडकला, चॅनलच्या बाईंनी मात्र मला मॉनिटरशेजारी बसवलं. त्या खुर्चीत बसताना मला रोज तुझी आठवण येते.

तुझी,
मिनल

ता. क. चॅनलने ठरवलंय की सासूबाई मेल्याच नव्हत्या, पुढच्या महिन्यात परत येतात. फोटोतल्या बाई कोण असं निर्मात्यांनी विचारलं, तेव्हा मी जुन्या मुरलेल्या नाट्यकलावंत असं सांगून बसलेय. आता ती भूमिका त्याच बाईंनी करायची असं ठरलंय, तू आली नाहीस तर माझी खुर्ची जाईल. ये ना.

ता. क. २. निघताना महिपतकाकांना सांगून नीघ. संवादांची काळजी करू नकोस. कॅमेऱ्यामागे उभी राहून मी पुटपुटेन.