चौदा नंबर मशीनचं हिमोग्लोबिन

१५ जानेवारी, बुधवार
नवी वही. शाळेत घालण्याआधी दोन वर्षं बाबांनी मला घरीच शिकवलं. तेव्हाचा नियम इथेही पाळायचा: लिहिलेलं खोडायचं नाही, चुकलं तर खाली बरोबर लिहायचं.
आजपासून कारखान्याची सस्टेनेबिलिटी माझ्याकडे. आगरदांडा रस्त्यावरचं आमचं युनिट परदेशातल्या ट्रेकर लोकांसाठी पावसाळी जॅकेटं शिवतं. कापड जुन्या बाटल्यांपासून केलेलं. विपुल सर म्हणाले, कापड रिसायकल आहे, माणसं नेहमीचीच. ते मॅनेजर आहेत.
२८ फेब्रुवारीला ब्रँडचं ऑडिट. नापास झालो तर ऑर्डर जाईल, साठ बायका घरी बसतील. झोप कमी झाली आहे.
संकल्प: सहा आठवड्यांत आदर्श युनिट. एकही कागद वाया नाही.

२० जानेवारी, सोमवार
महत्त्वाचा शोध. चौदा नंबरवरची सुचिता जॅकेटच्या शिवणीवर आतून टेप चिकटवते, पाणी शिरू नये म्हणून. तिची एका आठवड्यात रोजची नव्वद जॅकेटं होतात, पुढच्या आठवड्यात पंचावन्न, मग परत नव्वद. तीन महिने हेच चाललंय. हळू आठवड्यातली एकही शिवण गळत नाही, हे विशेष. ग्राफ काढला, लाटांसारखा आला.
निष्कर्ष: अशक्तपणा.
सरांना दाखवला. म्हणाले, कोळणींचं असंच असतं. असं बोलणं योग्य नाही, हे त्यांना उद्या सांगणार.

२१ जानेवारी, मंगळवार
सांगितलं नाही. ते फोनवर होते.

३० जानेवारी, गुरुवार
तपासणी शिबिर. आरोग्य केंद्रातून नर्स आल्या. सुचिताचं हिमोग्लोबिन ८.९. माझा अंदाज बरोबर ठरला. तिला कामावरचा मास्क काढायला लावून ‘आधी’चा फोटो घेतला. ओढलेला चेहरा, हनुवटीवर हिरवं गोंदण. कार्डावर वय अठ्ठावीस, दिसते पंचेचाळीसची. गरिबी काय करते! कार्डावरचा फोटो घामाने पुसट झाला आहे, नाहीतर पूर्वीची सुचिता पाहायला मिळाली असती.
लोहाच्या गोळ्या दिल्या. माझंही रक्त तपासायचं होतं. सुई बघून राहून गेलं.

२० फेब्रुवारी, गुरुवार
फेरतपासणी. सुचिता १२.६.
‘नंतर’चा फोटो घेतला. विश्वास बसणार नाही इतका फरक. गाल भरलेत, आवाज बारीक झालाय. गोंदण गेलं. लोहाचा त्वचेवर असा परिणाम होतो का, हे नर्सना विचारणार होते. पण शंका घेणं म्हणजे कामगारावर अविश्वास दाखवणं. तसं पॉलिसीत मीच लिहिलं आहे. हजेरीसाठी अंगठ्याचं मशीन नको, त्याने सन्मान दुखावतो, हेही माझंच म्हणणं.
सुपरवायझर शिवदास म्हणाला, मॅडम, वीस वर्षं कमी होत असतील तर दोन गोळ्या आमच्या बायकोलापण द्या. सगळी लाइन हसली. आरोग्याविषयी जागरूकता वाढते आहे.
आता ही गोष्ट जगाला कळायला हवी. प्रत्येक जॅकेटच्या खिशात एक टॅग, त्यावर सुचिताचे दोन फोटो. चार हजार टॅग अलिबागला छापायला दिले.

२५ फेब्रुवारी, मंगळवार
टॅग आले. दोन्ही फोटो शेजारी शेजारी. दहा मिनिटं बघत बसले.
या दोन बायका आहेत.
२० तारखेच्या नोंदीखाली बरोबर लिहायचं आहे. जागा पुरत नाही.

संध्याकाळी
कोळीवाड्यात जाऊन आले. ‘नंतर’ची ती सुचिता, धाकटी जाऊ. ‘आधी’ची ती नीराबाई, थोरली. अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणात जाळ्यात मासळी भरपूर येते, ओल्या पाट्या उचलून सुकत घालायला धाकटीच लागते. तेव्हा थोरली मशीनवर. मधले भांगाचे दिवस आले, भरती-ओहोटीचं पाणी मंदावलं, मासळी कमी झाली की धाकटी मशीनवर, थोरली घरी. सासू अंथरुणाला खिळलेली, तिच्यापाशी एकजण हवीच. पाच वर्षं एका कार्डावर असं चाललंय. सगळ्या लाइनला माहीत होतं.
गोळ्यांचं विचारलं. दोघींनी निम्म्या निम्म्या घेतल्या म्हणाल्या.
ग्राफ चुकला नव्हता. तो समुद्राचा होता.
नीराबाईने पाणी दिलं आणि एवढंच म्हणाली, “बाय, हा काम गेला त म्हातारीचा औषीद बंद. कुठं लिवू नको.”
मी शब्द दिला. ऑडिट झालं की दोघींना अर्धी अर्धी नोकरी आणि दोन कार्डं, असा प्रस्ताव मांडणार. तोवर तोंड बंद. टॅग कपाटात.

२८ फेब्रुवारी, शुक्रवार, दुपारी १
उत्तम चाललंय. ऑडिटर बाई बंगळुरूहून आल्यात. आग विझवायची नळकांडी, संडासांच्या कड्या, चिंध्यांची विल्हेवाट, सगळं पास. चौदा नंबरवर मास्क लावून नीराबाई होती. बाईंनी तिच्या शिवणीवर बोट फिरवलं, मान डोलावली, पुढे गेल्या.

संध्याकाळी ६
शेवटी बाईंनी रिवाजाप्रमाणे विचारलं, आणखी काही सांगायचंय का. सरांनी शहाळी मागवलीसुद्धा होती. मी एवढंच म्हटलं की आमच्याकडे काम वाटून घेण्याची एक सुंदर स्थानिक पद्धत आहे, इंडस्ट्रीने तिची दखल घ्यावी. बाईंनी विचारलं, कोणती. मी मोघम सांगितलं. त्यांनी विचारलं, कुठल्या मशीनवर. मला खोटं बोलता येत नाही.
नाव घेतलं नाही. नंबर सांगितला.
हेतू चांगला होता.

३ मार्च, सोमवार
पास. एक्क्याण्णव टक्के. शेऱ्यात ‘प्रांजली मॅडमच्या पारदर्शकतेचं विशेष कौतुक’. अट एकच: एका कार्डावर एकच माणूस, आणि आठ दिवसांत चेहरा ओळखणारं मशीन.
सरांनी माझा प्रस्ताव वाचला. अर्धी नोकरी सॉफ्टवेअरमध्ये बसत नाही म्हणाले. दोघींपैकी एकीने रोज यावं. रोज यायला दोघींनाही जमणार नाही.
कार्ड परत आलं. सुचिताने धुऊन दिलं आहे.

११ मार्च, मंगळवार
चौदा नंबरवर नवीन मुलगी. पाण्याखाली धरलेल्या चाळीस जॅकेटांपैकी सतरा गळली. संकल्प: मी स्वतः शिकणार. जेवणाच्या सुट्टीत बसले आणि एक खिसा कायमचा बंद करून ठेवला. शिवदासने पाहिलं. विनोद केला नाही.
टॅगच्या मागच्या कोऱ्या बाजूवर कामाच्या याद्या करते. रोज दोन संपतात. साडेपाच वर्षं पुरतील. एकही कागद वाया नाही.

१६ मार्च, रविवार
कोळीवाड्यात गेले. उधाण आहे. सुचिता पाटी डोक्यावर घेऊन समोरून आली, मला पाहून दुसऱ्या वाटेने गेली. नीराबाई ओट्यावर बसली होती. आत म्हातारी कण्हत होती. औषध एक दिवसाआड देतात.
मी नवी योजना सांगितली. ब्रँडच्या मुख्य ऑफिसला सहा पानी पत्र, नोकरी वाटून घेण्याबद्दल, नावं न देता त्यांचंच उदाहरण. मसुदा सोबत नेला होता. तिने सगळं ऐकून घेतलं, पदराला हात पुसले आणि विचारलं, “बाय, तुला लिवाला कोनी शिकवला?”
बाबांनी, म्हटलं.
“चांगला शिकवलाय,” ती म्हणाली. “आता आमचा कायपन लिवू नको.”
नाही लिहिणार, म्हटलं. अगदी मनापासून म्हटलं.
घरी येऊन हे लिहिलं.