कावळ्याला दिलेला शब्द

गंगाखेड,
१९ जानेवारी २०२५

चि. बबितास, दादाचे अनेक आशीर्वाद.

फोन उचलत नाहीस म्हणून कागद घेतला. बाबांच्या तेराव्याचं जेवण उरकलं आणि दुसऱ्या दिवशी पहिल्या एसटीने तू वालूरला पळालीस, शाळेतल्या तुझ्या त्या पोरींना फुटबॉल शिकवायला. महिनाभर तरी आईजवळ बस, असं सगळे म्हणाले. तू कधी कुणाचं ऐकलंस?

एक गोष्ट तुला सांगायची राहिली. दहाव्याला नदीवर पिंड ठेवला आणि कावळा शिवेना. शेजारी आणखी तीन दहावे होते, तिथले पिंड गेले, बाबांचा तसाच. मी हात जोडून म्हणालो, आईला सांभाळीन. म्हणालो, मेंढरं विकणार नाही. कावळा झाडावरून हलेना. ऊन डोक्यावर आलं तेव्हा किशनराव काका कानाशी लागले, की म्हाताऱ्याचा जीव पोरीत अडकलाय. मग मी म्हणालो, बाबा, बबिता फुटबॉल सोडेल, अक्षय तृतीयेच्या आत तिला उजवतो. एवढं बोलायचा अवकाश, कावळा खाली आला. सगळ्या भावकीने पाहिलं.

देवगाव फाट्याचे दत्तराव त्यांच्या मुलासाठी येत्या रविवारी विचारायला येणार आहेत. वर्षाच्या आत झालं नाही तर तीन वर्षं थांबावं लागतं, आणि तू एकतिशीची. बचावाला खेळलीस, राज्याच्या संघात गेलीस, गुडघा मोडून घेतलास, आता कोच झालीस. पुष्कळ झालं. मेलेल्या बापाला दिलेला शब्द मोडून मला झोप लागणार नाही. राजीनामा दे आणि शनिवारी ये. आई धड जेवत नाही.

राग आला तरी माया पातळ होऊ देऊ नकोस.

तुझा दादा,
रामकिशन

वालूर,
२२ जानेवारी २०२५

ती. दादास बबिताचा सा. न. वि. वि.

पत्र पोचलं. दोनदा वाचलं, दुसऱ्यांदा हसू आलं. शनिवारी येणार नाही आणि राजीनामाही देणार नाही.

कावळा शिवत नसला तर दर्भाचा कावळा करून शिववतात, हे किशनराव काकांना ठाऊक नाही? गवताच्या काडीने भागलं असतं तिथे तू बहीण ठेवलीस. शेजारचे तीन पिंड खाऊन त्याचं पोट भरलं होतं, तुम्ही उन्हं चढेपर्यंत बसलात तोवर जिरलं. त्या घटकेला तू घराला रंग देतो म्हणाला असतास तरी तो आलाच असता.

आता बाबांचं. जिल्ह्याच्या संघात मी पहिल्यांदा खेळले तेव्हा पोरगी हाफ चड्डीत पळते म्हणून गावाने केवढं तोंड वाजवलं होतं, आठवतं ना? बाबा मेंढरं कोंडून सामना बघायला आले. रेषेबाहेर काठी टेकून उभे राहिले. खेळ काही कळला नाही त्यांना. घरी जाताना एवढंच म्हणाले, कुणाला आत जाऊ दिलं न्हाईस, बरं केलंस. त्यानंतर गुडघ्याचं ऑपरेशन झालं, लोकांनी नावं ठेवली, पण या माणसाने एकदाही मला खेळ सोड म्हटलं नाही. जिवंतपणी जे त्यांच्या तोंडी आलं नाही, ते मेल्यावर कावळ्याच्या चोचीत कशाला घालता? याचा मला फार राग आलाय, दादा.

माझ्या पोरींचे आईबाप ऊसतोडीला गेलेत. फेब्रुवारीत विभागाचे सामने आहेत. मी उठून गेले तर या पोरींची लग्नं लावायला कुणी अक्षय तृतीयेचीसुद्धा वाट बघणार नाही. गेल्या साली दोघी अशाच गेल्या. माझ्या लग्नाला माझी ना नाही, पण विचारायचं ते मला, आणि विचारायला इथे मैदानावर यायचं. शाळा सुटली की मी शिट्टी घेऊन तिथेच असते.

हे आईला वाचून दाखव. तू गाळशील, म्हणून ज्ञानेश्वरी वहिनीला वाचायला दे.

भांडण कागदावर राहू दे, लोभ घरात असू दे, ही विनंती.

तुझी,
बबिता

गंगाखेड,
२७ जानेवारी २०२५

चि. बबितास आई बानूबाईचे आशीर्वाद. लिहिणारी ज्ञानेश्वरी. आत्याबाई बोलतात तसंच उतरवते.

पोरी, तुझा कागद सुनेनं वाचला. आधी रामकिशननं वाचला तवा निम्मा गिळला होता. नदीवर काय झालं ते मला कुणी सांगितलंच न्हवतं. मी जेवीना ते तुझ्या बापापायी, ह्यांनी ते तुझ्या नावावर लावलं.

काल दत्तराव आले. माणूस चांगला हाय. चहा दिला आन म्हणलं, पोरगी वालूरला हाय, बॉल सोडणार न्हाई, पटत असंल तर तिकडं जाऊन तिलाच इचारा. ते म्हणाले, पण तुमी तर शब्द दिलाय म्हणं. म्हणलं, ज्यानं दिला त्यानं पाळावा. तितंच रामकिशनला म्हणलं, आजपासून तू बॉल सोड. टीव्हीवर त्याची क्रिकेटची मॅच चालू होती. लय चिडला, पण बंद केली. ज्ञानेश्वरी हसायलीय, लिवायचं थांबलीय.

दत्तराव तिकडं येतील का न्हाई, मला ठावं न्हाई. आले तर नीट बोल. न्हाई आले तर तू आपलं सामन्याचं बघ. मी जेवायले आता.

आन एक ध्यानात ठेव, रामकिशनला बी किशनरावासमोर सांगून ठेवलंय. माझ्या दहाव्याला बबितानं घाटावर यायचं. बायका येत न्हाईत म्हणतील, म्हणू दे. तिच्या नावानं एकानं जरी शब्द दिला, तर मी शिवणार न्हाई. बसा म्हणलं दिवसभर उन्हात.

आईवर जीव हाय तसाच असू दे.

अंगठा,
बानूबाई