केस दाखल झाली त्या दिवशीचे पेढे

आये, आज शेजारच्या मुलीने विचारलं, सरकारी परीक्षेत मार्क कमी दिले तर कोर्टात जाता येतं का. मी म्हटलं, येतं की, आणि विषय बदलला. तेव्हापासून तू डोक्यातून जात नाहीस.

ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला मी अधिकारी व्हायच्या परीक्षेत थोडक्यात राहिलो. इतिहास माझा हातखंडा विषय, आणि नेमके त्यातच मार्क तळाला. फेरतपासणीचा अर्ज केला, तर त्यांनी नुसती बेरीज पुन्हा करून 'बरोबर आहे' असं कळवलं. माझा पेपर कोणीतरी पुन्हा वाचावा, एवढ्यासाठी मी हायकोर्टात गेलो. पहिल्या दिवशी न्यायाधीशांनी केस दाखल करून घेतली, म्हणजे पुढे कधीतरी नीट ऐकू, एवढंच. पण मी मुलुंडला येतो तो उड्या मारतच. तू स्टोव्हला पंप मारत बसलेली. "आये, घेतली गो केस कोर्टाने!" तू स्टोव्ह तसाच सोडून देवापुढे साखर ठेवलीस. "बगलंस? कोर्टाक पण पटला, माझो झील खरो!" दाखल होणं म्हणजे जिंकणं नव्हे, हे मी तुला सांगितलं नाही. पेढे घेऊन तू सगळी चाळ फिरलीस. लोक मला साहेब म्हणायला लागले आणि मला ते आवडलं. उद्या समजावून सांगू, असं ठरवून मी झोपलो. सकाळी मी उठायच्या आत तू पोळ्या करायचीस त्या दोन्ही घरची कामं सोडून आली होतीस. "शेठाणी काय म्हणाली म्हायती आसा? मावशी, आता तुम्ही ऑफिसरची आई!" तुझा चेहरा बघून मी तसाच कामावर निघून गेलो.

मग रोज संध्याकाळी मी कारखान्यातली कारकुनी आटपून येतो, चप्पल काढतो न काढतो तोच तू विचारतेस, "ऑर्डर इली काय रे?" "सरकारी काम गो आये, वेळ लागता." पुढे पुढे मी मुद्दाम उशिरा यायला लागलो. चाळीतल्या बायका विचारायच्या थांबल्या, तू नाही थांबलीस. एक दिवस तू पुन्हा पोळ्या करायला जाऊ लागलीस. "घरात बसान कंटाळा येता," म्हणालीस, आणि मी मान खाली घालून जेवलो. हॉस्पिटलातल्या खाटेवरूनही तू तेच विचारलंस.

केस सुनावणीला आली ती तू गेल्यावर. न्यायाधीश म्हणाले, पेपर तपासणं हे आमचं काम नाही. बोलता बोलता सगळं आटोपलं. त्याचं मला फारसं दुःख नाही. लाज वाटते ती वेगळ्याच गोष्टीची, आणि तीही मी धड सांगत नाहीये, कारण हा कागद लिहून झाला की फाडूनच टाकणार आहे. तू गेलीस त्या दिवशी लोक म्हणत होते, पोराला धक्का बसलाय, रडतसुद्धा नाही. धक्का नव्हता गो. ऑर्डर आली का, म्हणून आता कोणी विचारणार नाही, असं मनात आलं आणि मला हायसं वाटलं.