यंत्राखालचं दूध

प्रकाशा, माघ वद्य पंचमी, संध्याकाळ

काळ स्थिर करू पाहणाऱ्या आमच्या मंडळाने मला इथे यंत्राजवळ एकट्याला बसवलं, त्याला वर्ष होत आलं. यंत्राखालचं दूध आठवडाभर नासलं नाही, म्हणून काल पुण्याला तार केली. सगळे परवा निघतायत.

आज दूध घालणाऱ्या गंगूबाई सहज म्हणाल्या, "मीच रोज ताजं ठेवस, भाऊ. एकला माणूस, शिळं दूध कसं पिशी?"

रागवायला हवं होतं. का नाही रागावलो? वर्षभरात कुणी माझ्यासाठी... दूध अजून कोमट होतं. पिऊन टाकलं.

येऊ नका, अशी तार उद्या सकाळी करता येईल. पण मग इथे पुन्हा कोण येणार?

आत्ताच चहाचं मोठं पातेलं घासून ठेवलं.