जुलेखाबीचा पार्ट

७८६

बर दुबई,
ता. १८ नोव्हेंबर १९६६

प्रिय हव्वाआपांस,
धाकट्या मरियमचा सप्रेम सलाम, वि. वि.

तुझं पत्र मिळालं त्या दिवशी माझ्या हातून एका झग्याच्या दोन्ही बाह्या उलट्या जोडल्या गेल्या. साजिदाची सोयरीक मोडली, ती कशावरून? तर शाळेच्या संमेलनात नाटकात काम केलं म्हणून! जुलेखाबीने इथून गावी जाऊन आपल्या मुलाची, रफिकची, अंगठी परत मागितली, आणि वर सुनावलं की स्टेजवर उभी राहिलेली पोर आमच्या उंबऱ्यात नको. तेही तुझ्या ओटीवर, चार बायांदेखत. तेव्हापासून पोरीने शाळा सोडली, दाराबाहेर पडत नाही, असं तू लिहितेस. आपा, हे मी गिळणार नाही. आमचे हे म्हणतात, गप्प बस, मी अलीमियाँच्या पेढीवर कारकून आहे आणि ही खोलीही त्यांचीच आहे. बसते गप्प. पण जुलेखाबी अलीमियाँची बायको असली तरी तिला याचा जाब द्यावाच लागेल.

आता एक गंमत ऐक. माझ्या शिवणकामाला एक नवीन गिऱ्हाईक आलंय. नेवेंका तिचं नाव. मुलूख क्रोएशिया, तो युगोस्लाव्हियात येतो म्हणे. नवरा खाडीच्या कामावर इंजिनीअर आहे. बाई चाळिशी ओलांडलेली, पण खोलीत शिरली की बाकीच्या बाया आपोआप भिंतीला सरकतात. तिचा स्वयंपाकी गनी आपल्या दाभोळचा. तो मध्ये बसून तिचं बोलणं उलगडून सांगतो, थोडं पदरचंही घालत असावा.

आपा, ही बाई नटी आहे! शाळेच्या संमेलनातली नव्हे, खरीखुरी. बाप हर्णैसारख्याच एका गावात जाळी विणायचा. सतरा वर्षांची असताना ती नाटकासाठी घरातून निघाली, तर सख्ख्या आत्याने गावभर तोंड सोडलं, ठरलेलं लग्न मोडायला लावलं. पुढे लढाई आली. ती जंगलात सैनिकांपुढे चादरीचा पडदा लावून नाटकं करायची. मग झाग्रेब नावाच्या शहरातल्या मोठ्या थिएटरात राण्या केल्या, सिनेमे केले, भिंतीभिंतीवर तिचे फोटो लागले. शेवटी नवा मॅनेजर आला आणि राणीचा पार्ट कोवळ्या पोरीला देऊन हिच्या हातात दासीचं तबक दिलं. तिने ते तबक स्टेजवरच ठेवलं आणि चालती झाली. मला ती बेहद्द आवडली.

मी तिला साजिदाचं सगळं सांगितलं. मग तिने विचारलं की ही जुलेखाबी चालते कशी.

दुआत याद ठेव आणि माझ्यावरची माया पातळ होऊ देऊ नकोस.
तुझी,
मरियम

*

७८६

हर्णै,
ता. १० डिसेंबर १९६६

चि. मरियमला,
हव्वाआपाचे अनेक आशीर्वाद, वि. वि.

तुझं पत्र वाचलं आणि हातातलं काम टाकून हे लिहायला बसले. लहानपणी पेरवांसाठी शेजारणीशी भांडायचीस, तीच तू. मोहिद्दीन भावोजींची नोकरी घालवशील तेव्हा शांत होशील का? सूड घेतल्याने पोरीच्या बोटात अंगठी परत येत नाही, आणि उद्या दुसरीकडून मागणी आली तर हीच गोष्ट आमच्या आधी तिथे पोचेल. तुला हात जोडते, त्या जुलेखाबीच्या वाटेला जाऊ नकोस.

साजिदा तशीच आहे. विहिरीवर जायचं तर उजाडायच्या आत जाऊन येते. तुझं पत्र मात्र तिने माझ्या हातातून ओढून घेतलं आणि नटीचा मजकूर पुन्हा पुन्हा वाचला. आज खूप दिवसांनी एक शब्द विचारला. तबक ठेवल्यावर लोक हसले की गप्प बसले, म्हणाली. तुला माहीत असेल तर कळव. बाकी काही करू नकोस.

भावोजींना सलाम, आणि लोभ आहे तसाच ठेवावा.
तुझी,
हव्वाआपा

*

७८६

बर दुबई,
ता. १४ फेब्रुवारी १९६७

प्रिय हव्वाआपांस,
मरियमचा स. स. वि. वि.

साजिदाला सांग, लोक गप्प बसले होते. आणि तुझं ऐकलं नाही त्याबद्दल मला काय शिव्या द्यायच्या त्या पत्र संपल्यावर दे.

जुलेखाबीच्या मुलीचं, हाफिजाचं, लग्न झालं. मेंदीच्या दिवशी तिच्या माडीवर नुसत्या बायाच बाया होत्या. नवरीचे कपडे माझ्याच हातचे, म्हणून मला बोलावणं होतं. मी नेवेंकाला घेऊन गेले. गोरी बाई घरी आली म्हणून जुलेखाबीला कुठे ठेवू नि कुठे नको असं झालं. बायांच्या बैठकीत गनीला येता येत नव्हतं, तेव्हा दुभाषा नाही, बोलणं नाही. जे काही करायचं ते मुक्यानेच.

गाणी झाली तशी नेवेंका उठली. कुणाची तरी ओढणी घेऊन तिने पदर केला आणि आपा, बघता बघता ती जुलेखाबी झाली. दुसऱ्याच्या घरची सतरंजी बसण्याआधी पदराने झटकायची, बसल्यावर कमरेचा किल्ल्यांचा जुडगा चाचपायचा, आणि मग एक बोट वर करून नाक फेंदारायचं. हुबेहूब! मी महिनाभर तिला ईदच्या बाजारात, खाडी ओलांडायच्या होडीच्या, अब्राच्या, धक्क्यावर, लांबून जुलेखाबी दाखवत होते. बायांनी तोंडात पदर कोंबले. मी जुलेखाबीच्या तोंडाकडे डोळे लावून बसले होते. आता पडेल, आता काळं होईल.

ती हसत होती! सगळ्यांत मोठ्याने, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत. मग मला कोपर मारून म्हणाली की बघ ग मरियम, अगदी तुझीच नक्कल केली की नाही. आपा, माझ्या घरात किल्ल्या लावण्यासारखं एक कपाट तरी आहे का? मेली!

आता तर ती नेवेंकाला घरोघर घेऊन हिंडते, तोच पार्ट करायला लावते, आणि सगळं बर दुबई तिच्या तोंडावर तिलाच हसतं. इतर बाया म्हणतात, याहून मोठा सूड कुठला? पण माझं पोट भरत नाही. तिला कळत नसेल तर मला काय त्याचं?

मी चिडून नेवेंकाकडे गेले. तेव्हा तिने गनीकरवी सांगितलं की तिचंही असंच झालं होतं. नाव झाल्यावर ती कंपनी घेऊन गावी गेली, आत्याला पहिल्या रांगेत बसवलं आणि तिच्यासमोर तिचाच पार्ट केला. आत्याने सगळ्यांत जास्त वेळ टाळ्या वाजवल्या आणि म्हणाली, अगदी आमची शेजारीण! नेवेंका म्हणते, चूक तिची स्वतःची. चाल आत्याची होती, पण शब्द नाटककाराचे होते. माणूस आपली चाल कधी बघत नाही, आपले शब्द मात्र ओळखतो, आणि ते सुद्धा ज्याला बोलले त्याच्याच तोंडून आले तर. एवढं सांगून ती खलास म्हणाली आणि कॉफी ओतायला उठली. अरबीतला तेवढा एकच शब्द तिला येतो.

रागावलीस तरी बहीण आहे हे विसरू नकोस.
तुझी,
मरियम

*

७८६

हर्णै,
ता. ८ मार्च १९६७

चि. मरियमला,
हव्वाआपाचे आशीर्वाद, वि. वि.

शिव्या राखून ठेवल्यात, कारण त्याहून मोठी गोष्ट घडली आहे. जुलेखाबी बकरी ईदला गावी येते आहे, आणि आधीच निरोप आलाय की साजिदाला पुन्हा बघायचं आहे. रफिक दुसऱ्या कुठल्या मुलीला हो म्हणत नाही, आणि आता दुबईत मोठमोठ्या बाया सुद्धा नाटकं करतात, त्यात काही वावगं नाही म्हणे!

झालं गेलं विसरून हो म्हणावं, असं मला वाटतं. पोरीचं नाव त्यानेच धुऊन निघेल. साजिदाला विचारलं तर ती नुसती तुझं पत्र घेऊन माजघरात गेली आणि दार लावलं. आतून पावलांचा आवाज येत होता.

दुआ कर.
तुझी,
हव्वाआपा

*

७८६

हर्णै,
ता. २९ मार्च १९६७

प्रिय मरियमखालास,
साजिदाचा सलाम, वि. वि.

आईने पत्र मला लिहायला सांगितलं आहे. का, ते पुढे कळेल.

काल जुलेखाबी आल्या. ओटीवर त्याच चार बाया होत्या, आईने मुद्दाम बोलावल्या होत्या, सोयरीक पुन्हा जुळताना त्यांनी बघावी म्हणून. जुलेखाबींनी आमची सतरंजी पदराने झटकली, बसल्या, जुडगा चाचपला आणि अंगठी तबकात ठेवली.

मी आतून आले. त्यांच्यासमोरची सतरंजी पदराने झटकली. बसले. कमरेला हात लावला. बाया गालात हसायला लागल्या, जुलेखाबीही हसल्या, कौतुकाने मान डोलावत होत्या. मग मी एक बोट वर केलं, नाक फेंदारलं आणि त्यांच्याच आवाजात म्हटलं की स्टेजवर उभी राहिलेली पोर आमच्या उंबऱ्यात नको.

खाला, त्यांचं हसणं तिथेच थांबलं. हात सवयीने किल्ल्यांकडे निघाला होता, तो मध्येच अडकला. कुठे ठेवावा ते त्यांना कळेना. मी उठले आणि तबक उचलून त्यांच्या मांडीवर ठेवलं. मग त्या गेल्या, आणि खालच्या पाखाडीच्या पायऱ्या उतरताना चालू की नको अशा चालत होत्या. स्वतःची चाल त्यांना पहिल्यांदाच दिसत असावी.

मला वाईट वाटलं नाही. वाटेल असं वाटत होतं, पण नाही वाटलं. मोहिद्दीनखालूंना सांग, नोकरीची काळजी करू नका. जुलेखाबी अलीमियाँना काय सांगणार? सांगायचं तर आधी कबूल करावं लागेल की ती बाई आपणच.

आईने तोंड भिंतीकडे केलं होतं. मला वाटलं रडते आहे. जवळ गेले तर हसत होती, आणि थांबतच नव्हती. अजूनही पत्र लिहायचं म्हटलं की हसू येतं तिला. म्हणून मी लिहिते आहे.

जूनपासून मी शाळेत जाणार. आज विहिरीवर सगळ्यांबरोबर गेले होते.

नेवेंकाबाईंना गनीकरवी एवढंच कळव की त्यांच्या आत्याचा राहिलेला पार्ट हर्णैत झाला, आणि टाळ्या कुणी वाजवल्या नाहीत. खलास.

माया आहे ती वाढवत राहावी.
तुझी,
साजिदा