इंजिन मागे, माणूस पुढे

१२ मार्च
परत अर्धवट. या मोसमातली पाचवी शर्यत, आणि माझी गाडी एकदाही शेवटच्या रेषेपर्यंत पोहोचलेली नाही. आधी गिअर तुटला. मग पाणी उकळलं. तिसऱ्या वेळी तर मागचं चाक निखळून गाडीच्याच पुढे पळालं. दाजी — ताईचे यजमान, तेच गाडी चालवतात — परत येऊन म्हणाले, "निदान चाक तरी पोहोचलं." मला हसू आलं नाही.

१५ मार्च
सगळ्यांची इंजिनं पुढे. मी चालकाच्या पाठीमागे ठेवलं. त्यामुळे गाडी समोरून बारीक, वारा कापत जाते. सरळ रस्त्यावर कुणाच्या बापाचं ऐकत नाही. वळण आलं की मात्र शेपूट बाहेर फेकते. समोरच्या गॅरेजवाले म्हणतात, उलट्या खोपडीच्या माणसाची उलटी गाडी. म्हणू देत. खरंच आहे.

२१ मार्च
ताई कारखान्यात आली. बसली नाही. "यांना काही झालं ना, तर मी तुझं तोंड बघणार नाही." दाजी खाली मान घालून नट आवळत राहिले.

२२ मार्च
ताई बरोबर आहे.

२ एप्रिल
मागची दोन चाकं एकमेकांपासून आणखी लांब बसवली, स्प्रिंगा मऊ केल्या. दाजींनी फेऱ्या मारून पाहिल्या. "आता शेपूट ऐकते रे." मला आनंद झाला नाही. आनंद झाला की काहीतरी तुटतं.

९ एप्रिल
मोसमातली शेवटची शर्यत. दाजी पहिले होते. खरंच पहिले! थोड्याच फेऱ्या उरलेल्या. आणि एक अख्खी फेरी मागे पडलेली, त्यांच्या पुढ्यात धावणारी एक गाडी त्यांच्या डोळ्यांसमोर कठड्यावर आदळून पेटली. आत माणूस. दाजींनी ब्रेक मारला. मी इकडून ओरडलो — थांबू नका, जा, जा. ऐकू जाणं शक्यच नव्हतं. नशीब माझं.
त्यांनी त्याला ओढून काढला. तो वाचला. दाजींचे दोन्ही हात भाजले.
आमची गाडी रस्त्याकडेला तशीच उभी. एक नट ढिला नाही. निकालात पुन्हा तेच — अपूर्ण.

१४ एप्रिल
हॉस्पिटल. डॉक्टर म्हणाले, बोटं पूर्वीसारखी मिटणार नाहीत, गाडी विसरा. दाजी छताकडे बघत होते. मग माझ्याकडे वळून हळूच, "गाडी चांगली होती रे."
जिन्यात जाऊन रडलो. ताई शेजारून गेली, थांबली नाही.

३ मे
रेखाटनं फाडली. भंगारवाल्याला शनिवारी यायला सांगितलंय. हलकं वाटेल असं वाटलं होतं. काहीच वाटत नाही.

६ मे
कारखान्याचं कुलूप काढलं, तर मागोमाग ताई. माझ्या तोंडाकडे पाहिलं नाही. साडीचा पदर खोचला, गाडीत उतरून बसली, पाय लांब करून पाहिले.
"पेडल दूर पडतात," म्हणाली. "जवळ घे."